चामा काढायचा? आधी वही घ्या

नैरोबीत नव्याने राहायला आलेल्या मराठी बायका मला हमखास विचारतात, की इथल्या बायकांच्या चामामध्ये, म्हणजे बचतीच्या गटात, जावं का, आणि आपणच चार जणी जमवून एखादा काढला तर तो चालवायचा कसा. मी एकोणीस वर्षं केनियात आहे. गणित शिकवते. लिमुरूजवळच्या चौदा जणींच्या चामाची गेली अकरा वर्षं मी कातिबू आहे, म्हणजे सचिव. आमच्यात एक मामा म्बोगा आहे, म्हणजे भाजीवाली. दोघी गिकोंबाच्या बाजारातून मितुंबा, म्हणजे जुने कपडे, आणून विकतात. एक नर्स, एक केस विणणारी, बाकीच्या चहाच्या पट्ट्यात शेती करणाऱ्या. त्यांच्याकडून जे शिकले तेच इथे लिहिते आहे.

भिशी आणि बचत गट यांचं मिळून जे होईल तो चामा. पहिल्या भागाला इथे मेरी-गो-राउंड म्हणतात: दरमहा प्रत्येकीने हजार शिलिंग काढायचे, चौदा हजार एकीला द्यायचे, पुढच्या महिन्यात दुसरीला. दुसरा भाग टेबल बँकिंग. बचतीचे पैसे टेबलावर ठेवायचे, मोजायचे आणि ज्यांना हवे त्यांना तिथेच कर्जाऊ द्यायचे. सभा संपते तेव्हा टेबल रिकामं असतं.

जागा, दिवस, खाणं हे पटकन ठरवून टाका. महिन्याचा पहिला शनिवार, दुपारी दोन. चहा आणि मांडाझी, म्हणजे तळलेले गोडसर पाव, त्यापलीकडे काही नाही. जेवणावळी सुरू झाल्या की ज्यांना ते झेपत नाही त्या गुपचूप गळतात, आणि त्यांनाच चामाची सगळ्यात जास्त गरज असते.

खरा वेळ द्यायचा तो वहीला. जाड पुठ्ठ्याची, पानांवर आकडे छापलेली वही घ्या, म्हणजे पान फाडलं तर कळतं. प्रत्येकीला एक पान. आणि त्या पानावर तिचं स्वतःचं, ओळखपत्रावर आहे ते पूर्ण नाव लिहा.

हे मी मुद्दाम सांगते आहे. इथे मूल झालं की बाईला मुलाच्या नावाने हाक मारतात, मामा अमुक, म्हणजे अमुकची आई. त्यात मान आहे, प्रेम आहे. पण पहिल्या वर्षी मी वही वाचायला घेतली आणि एक नाव दोनदा पुकारलं तरी कुणी उठेना. तिसऱ्यांदा म्हटलं तेव्हा मामा म्बोगा चपापली, हातातला कप खाली ठेवून म्हणाली, ‘अरे, ती तर मीच.’ मग पुढे आली, आपल्या नावाखालचा आकडा बोटाने शोधला, नि बोट तिथेच ठेवून उभी राहिली. तेव्हापासून आम्ही वहीतली नावं नेहमी पूर्ण वाचतो.

वाचायचं ते मोठ्याने. कुणी किती भरले, कुणाकडे किती कर्ज, कुणाचा हप्ता चुकला, सगळं. लाज वाटते म्हणून हे टाळू नका. हिशेबाला स्वाहिलीत हेसाबुच म्हणतात, आणि खजिनदारणीला म्वेका हाझिना, खजिना ठेवणारी. हे शब्द ऐकले तेव्हा मला फार जवळचं काहीतरी सापडल्यासारखं झालं.

मी ज्या पहिल्या चामात होते तो दोन वर्षांत मोडला. खजिनदार सज्जन होती. पैसे तिच्या फोनवर जमा व्हायचे, वही कुणी वाचायचं नाही. एका महिन्यात घरातल्या अडचणीला ते पैसे वापरले गेले आणि तिने ते आम्हाला सांगायला फार उशीर केला. पैसे तर गेलेच, पण तिचं आमच्यात येणंही बंद झालं, आणि त्याचं मला जास्त वाईट वाटतं. म्हणून आता आमचं खातं गटाच्या नावावर आहे, तीन जणींना सहीचा अधिकार आहे आणि त्यातल्या दोघींच्या सह्यांशिवाय पैसे निघत नाहीत. एम-पेसाने, म्हणजे मोबाइलवरून, आलेली रक्कम सभेत वहीशी ताडून बघतो. एम-पेसा 2007 मध्ये आलं, त्यामुळे पैसे घेऊन बसमधून फिरण्याची भीती गेली, पण फोनवरचा संदेश म्हणजे हिशेब नव्हे.

नोंदणी करून घ्या. 2022 च्या सामुदायिक गट नोंदणी कायद्याप्रमाणे किमान दहा सभासद लागतात आणि स्वतःची कातिबा, म्हणजे घटना, लागते. ही घटना कुणाची तरी उचलून छापू नका, बसून लिहा. उशिराला किती फाइनी, म्हणजे दंड (आमच्याकडे शंभर शिलिंग), सभासद वारली तर तिची बचत कुणाला, मध्येच सोडून गेली तर काय. हे प्रश्न सगळं गोडीत असतानाच सुटतात.

व्याजाबद्दल माझं मत इथल्या पुष्कळ जणींपेक्षा वेगळं आहे. बऱ्याच ठिकाणी महिन्याला दहा टक्के घेतात. डिसेंबरात ते आपल्यातच वाटलं जातं हे खरं, पण बचतीच्या प्रमाणात. म्हणजे जी भरपूर भरते ती कमावते आणि जी सारखी कर्ज काढते ती तिला पोसते. आम्ही वाद घालून घालून पाचावर आणलं. कर्ज बचतीच्या तिप्पट, दोघी जामीन, आणि मागणारी स्वतः हजर. नवऱ्यासाठी म्हणून बायकोच्या नावावर कर्ज नाही. चामा आहे हे घरात जरूर सांगा. वही मात्र फक्त सभासदांनीच बघायची.

बँक असताना हे सगळं कशाला, असं नव्या मुली विचारतात. त्यांना मी जमिनीची गोष्ट सांगते. ब्रिटिश सरकारच्या 1954 च्या स्विनरटन शेती योजनेनंतर किकुयू लोकांच्या प्रदेशात विखुरलेले तुकडे एकत्र करून नोंदले गेले आणि सातत्याने पुरुषांच्या नावावर लागले. जी बाई ते शेत खणत होती तिच्या हातात कागद आला नाही, आणि कागद नाही म्हणून बँकेत तारण नाही. त्याआधीही बायका आळीपाळीने एकमेकींच्या शेतात राबतच होत्या, त्याला न्ग्वातिओ म्हणतात. 1960 च्या दशकात त्यांनी तसेच पैसे काढून एकेकीच्या घरावर माबाती, म्हणजे पत्रे, चढवले. गवताचं छप्पर गेलं आणि पत्र्यावरचं पावसाचं पाणी पिंपात धरता येऊ लागलं, तेवढ्या पाण्याच्या खेपा वाचल्या. आमच्या नर्सची आजी अशा गटात होती.

आता कायदा बदलला आहे. 2010 च्या राज्यघटनेने विवाहात दोघांना समान हक्क दिले. 2013 च्या वैवाहिक मालमत्ता कायद्यात घरकाम, मुलांचं संगोपन, शेतातले कष्ट हेही योगदान धरलं जातं. पण जानेवारी 2023 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट केलं, की घटस्फोटात निम्मा वाटा आपोआप मिळत नाही, ज्याने त्याने आपलं योगदान दाखवायला हवं. वहीबद्दल मी इतकी आग्रही आहे ती याचसाठी. गाय कोणत्या कर्जातून आली, पिंप कधी घेतलं, शाळेची फी कुणी भरली, हे तारखेसह कुठे लिहिलेलं असेल तर ते त्या पानावर. म्हणून कर्जाच्या नोंदीत ‘घरखर्च’ असं मोघम कधीही लिहू नका. ‘दुभती गाय, एक’ असं लिहा, आणि खरेदीची पावती त्याच पानाला टाचा.

प्लॉट घेणार असाल तर एकटीला पाठवू नका. आमच्या मितुंबावालीने कष्टाने पैसे जमवले, तेव्हा आम्ही तिघी तिच्याबरोबर जमीन कार्यालयात गेलो. आधी नोंदींचा शोध घेतला, मालक खरा कोण ते पाहिलं. विकणारा विवाहित होता, आणि राहत्या घराची जमीन विकायची तर जोडीदाराची संमती लागते, म्हणून त्याच्या बायकोलाही सही करायला बोलावलं. ती आली, सगळा कागद वाचून घेतला, आणि मगच सही केली. बाहेर आल्यावर तिने आम्हाला विचारलं, तुमची सभा कधी असते.

डिसेंबरात वाटप झालं की जुनी वही टाकून देऊ नका. आमच्या अकरा वह्या पत्र्याच्या पेटीत आहेत, पेटीला तीन कुलपं, तीन किल्ल्या तिघींकडे. अशी पेटी 1991 मध्ये नायजरमध्ये सुरू झालेल्या बचत गटांच्या पद्धतीतही असते. जानेवारीच्या पहिल्या शनिवारी नवी वही काढतो आणि पहिल्या पानापासून नावं मोठ्याने वाचतो. आता पंधरावं पान त्या दिवशी सही करायला आलेल्या बाईचं आहे.