फारोकी पाहायचे, तर बोट पॉजच्या बटणावर ठेवा

हारून फारोकी या जर्मन माहितीपटकाराच्या नावावर लहानमोठ्या नव्वदहून जास्त फिल्म्स आहेत. त्या क्रमाने पाहायला बसलात, तर पाचव्या-सहाव्या फिल्मलाच जांभया येतील. मला आल्या होत्या. म्हणून हा वेगळा क्रम.

आधी थोडी ओळख. जन्म १९४४ चा. वडील भारतातून जर्मनीत गेलेले, आई जर्मन. लहानपणाची काही वर्षं भारतात आणि इंडोनेशियात गेली. १९६६ मध्ये बर्लिनच्या नव्या फिल्म अकादमीच्या पहिल्या तुकडीत प्रवेश मिळाला आणि १९६८ मध्ये राजकीय चळवळीपायी हकालपट्टी झाली. २०१४ मध्ये ते गेले. सुरुवातीला एवढं पुरे.

पायरी १. पंचवीस मिनिटांपासून सुरुवात करा.
‘इनएक्स्टिंग्विशेबल फायर’ (१९६९) हा व्हिएतनाम युद्धात वापरलेल्या नापाम या आगलाव्या बॉम्बविषयी आहे. भाजलेल्या माणसांची चित्रं दाखवली, तर तुम्ही डोळे मिटून घ्याल, असं फारोकी कॅमेऱ्याकडे बघून सांगतात आणि जळती सिगारेट स्वतःच्या हातावर विझवतात. सिगारेट जळते ४०० अंशांवर, नापाम ३००० अंशांवर, असं फिल्म सांगते. बस, एवढंच. त्यानंतर फिल्म थेट नापाम बनवणाऱ्या कारखान्यात शिरते. अभिनय मुद्दाम कोरडा ठेवलाय, तो खटकला तरी थांबू नका.

पायरी २. ‘रेस्पिट’ (२००७) दोनदा पाहा.
चाळीस मिनिटं, आवाज अजिबात नाही, मधूनमधून मजकुराच्या पाट्या. नेदरलँड्समधल्या वेस्टरबोर्क छावणीतून नाझी ज्यूंना पुढे मृत्युछावण्यांकडे पाठवत; तिथे १९४४ मध्ये झालेल्या चित्रीकरणातून ही फिल्म बनलीय. ते चित्रीकरण करवून घेतलं नाझी कमांडंटने. कॅमेरा चालवला रुडॉल्फ ब्रेस्लाउअर या ज्यू कैद्याने. पुढे त्यालाही आउशविट्झच्या मृत्युछावणीत पाठवलं गेलं.

पहिल्या वेळी नुसतं पाहा. लोक काम करताहेत, व्यायाम करताहेत, हसताहेतसुद्धा. दुसऱ्या वेळी प्रत्येक दृश्याला थांबून विचारा: हे कोणी काढायला सांगितलं? कोणाला दाखवायला? एका ठिकाणी गाडीवरून नेल्या जाणाऱ्या बाईची सुटकेस दिसते, तिच्यावर नाव आणि जन्मतारीख आहे. तेवढ्यावरून छावणीतून निघालेली ही आगगाडी १९ मे १९४४ ला सुटली, हे शोधता आलं. माझ्या मते फारोकींच्या अशा फिल्म्सची सगळी रीत त्या सुटकेसमध्ये आहे: नवं काही शूट करायचं नाही, जे आहे तेच नीट वाचायचं.

पायरी ३. आता अवघड फिल्म.
‘इमेजेस ऑफ द वर्ल्ड अँड द इन्स्क्रिप्शन ऑफ वॉर’ (१९८८). ४ एप्रिल १९४४ रोजी दोस्त राष्ट्रांच्या टेहळणी विमानाने आउशविट्झजवळच्या रसायन कारखान्याचे फोटो काढले. त्यात छळछावणीही आली. पण तपासणाऱ्यांना कारखाना शोधायला सांगितलं होतं, त्यांना कारखानाच दिसला. छावणी ओळखली गेली ती १९७७ मध्ये, सीआयएच्या दोन कर्मचाऱ्यांकडून! ही फिल्म विषयावरून विषयावर उड्या मारते. वही जवळ ठेवा; पुन्हा पुन्हा येणारी चित्रं टिपून ठेवलीत की धागा सापडतो.

पायरी ४. ‘व्हिडिओग्राम्स ऑफ अ रेव्होल्यूशन’ (१९९२).
रोमानियन दिग्दर्शक आंद्रेई उजिका यांच्यासोबत केलेली. डिसेंबर १९८९ ची रोमानियन क्रांती, हौशी कॅमेऱ्यांतून आणि टीव्हीच्या फुटेजमधून. इथे पॉज नको, एका बैठकीत पाहा. हुकूमशहा चाउशेस्कूचं भाषण अडखळतं, तेव्हा टीव्हीचा कॅमेरा कुठे वळतो, तेवढं मात्र चुकवू नका.

पायरी ५. स्वतः करून बघा.
२०११ पासून फारोकी आणि त्यांच्या पत्नी आन्त्ये एमान यांनी पंधरा शहरांत कार्यशाळा घेतल्या, त्यांत बंगळूरही होतं. नियम साधे: विषय काम, लांबी एक-दोन मिनिटं, शॉट एकच, कट नाही. मोबाइल पुरेल. चहाची टपरी, इस्त्रीवाला, वीटभट्टी, काहीही निवडा, पण आधी विचारून घ्या. कॅमेरा काढण्याआधी दहा मिनिटं नुसतं उभं राहून पाहा, ते काम कुठे सुरू होतं आणि कुठे संपतं. बहुतेकांचा पहिला शॉट तिथेच फसतो: काम अर्ध्यावर असतं आणि दोन मिनिटं संपलेली असतात.