शिसं तपासायला पाणी द्यायचंय? आदल्या दिवशीची तयारी

बडोद्यात पाण्यात शिसं म्हटलं की लोकांचा पहिला संशय आजवा तलावावर नाहीतर मही नदीवर जातो. पण नळाच्या पाण्यात शिसं येतं ते बहुतेक वेळा शेवटच्या काही फुटांत: जुनी शिशाची नळी, डाखाचे जोड, पितळी तोट्या, शिसं घालून केलेले जुने पीव्हीसी पाइप. शिशाच्या नळीत आतून शिशाच्याच क्षारांचा थर बसतो आणि तो धातूला झाकून ठेवतो. पाण्यातली रसायनं बदलली की हा थर विरघळायला लागतो. अमेरिकेत वॉशिंग्टनमध्ये २००० साली जंतू मारायला क्लोरीनऐवजी क्लोरामाइन (क्लोरीन आणि अमोनियाचं संयुग) वापरायला घेतलं तेव्हा हेच झालं. २०१४ मध्ये तिथल्याच फ्लिंट शहराला नदीचं पाणी गंजरोधक द्रव्य न घालता दिलं, तिथेही तेच. म्हणून शहराचा अहवाल कितीही चांगला असला तरी आपल्या नळाचा नमुना वेगळा द्यावा लागतो.

आधी नळजोडणी बघून घ्या. रावपुरा, दांडिया बाजारातल्या जुन्या घरांत तर नक्कीच, कारण तिथे एका भिंतीत तीन पिढ्यांचे पाइप सापडू शकतात. उघड्या नळीला लोहचुंबक लावा. चिकटला तर ती लोखंडी, म्हणजे जीआय (जस्ताचा मुलामा दिलेली). चिकटला नाही, तर नाण्याने हलकेच खरवडा. ओरखडा सहज उठला आणि खाली चंदेरी चकाकलं, तर ती शिशाची समजा आणि हात साबणाने धुवा.

प्रयोगशाळा एनएबीएल (प्रयोगशाळांना मान्यता देणारी राष्ट्रीय संस्था) मान्यतेची हवी, आणि ती मान्यता पाण्यातल्या शिशासाठी आहे ना, हे फोनवरच विचारा. दुसरा प्रश्न जास्त महत्त्वाचा: तुम्ही किती कमी शिसं मोजू शकता? भारतीय मानकाची मर्यादा लिटरला ०.०१ मिलिग्रॅम आहे. त्याच्या बरंच खाली मोजता येत नसेल, तर ‘आढळलं नाही’ या शेऱ्याला अर्थ नाही. बाटल्या त्यांच्याकडूनच आणा, घरातली मिनरल वॉटरची रिकामी बाटली नको. पाण्यात विरघळलेले एकूण क्षार दाखवणाऱ्या टीडीएस मीटरवर विसंबू नका. शेकडो मिलिग्रॅम क्षारांत एवढंसं शिसं त्याला दिसतच नाही.

आता रात्रीची तयारी, आणि खरी गडबड इथेच होते. स्वयंपाकघरातला नळ कमीत कमी सहा तास बंद राहिला पाहिजे. प्यायचं पाणी कळशीत भरून ठेवा, चहाचं पातेलं भरून झाका, आणि पहाटे पाचला उठणाऱ्या आजींना झोपण्यापूर्वी सांगून ठेवा. नुसती चिठ्ठी चिकटवून भागत नाही. अंधारात ती कोण वाचतो? तोटीला फडकं बांधा. नळ टाकीचा नसून थेट लाइनचा असेल तर पाणी यायच्या वेळेला बाटली हातात घेऊनच उभं राहा.

सकाळी तोटीची जाळी काढू नका. रोज जसा नळ सोडता तसाच सोडून पहिलं पाणी थेट एक लिटरच्या बाटलीत घ्या. मग तीनेक मिनिटं नळ वाहू द्या, ते पाणी बादलीत धरून फरशीला वापरा, आणि दुसरी बाटली भरा. आरओच्या किंवा गीझरच्या नळाचं पाणी घेऊ नका. दोन्ही बाटल्यांवर क्रमांक, वेळ आणि नळ किती तास बंद होता ते लिहा, आणि त्याच दिवशी पोचवा.

अहवाल येईपर्यंत सकाळचं पहिलं पाणी पिऊ नका. उकळून शिसं जात नाही, उलट पाणी आटलं की त्याचं प्रमाण वाढतं. गरम पाण्यात ते जास्त विरघळतं, म्हणून गीझरचं पाणी स्वयंपाकाला नको. घरात गरोदर बाई असेल किंवा बाळाला वरचं दूध सुरू असेल तर आजपासूनच चांगल्या स्थितीतल्या आरओचं पाणी द्या. पोटात गेलेल्या शिशातलं लहान मुलांचं शरीर मोठ्यांच्या चार-पाच पट शोषून घेतं, आणि शिशाला ना चव, ना वास.

पहिल्या बाटलीत शिसं जास्त आणि दुसरीत कमी आलं, तर आधी तोटी आणि जवळचे जोड बदला. दोन्हींत जास्त असेल तर टाकी आणि रस्त्यावरून येणारी जोडणी तपासावी लागेल. बदल केल्यावर नमुना याच पद्धतीने पुन्हा द्या, आणि घरात लहान मूल असेल तर अहवाल घेऊन त्याच्या डॉक्टरांकडे रक्तातल्या शिशाच्या तपासणीबद्दल विचारा.