तेलाचे लिटर किलोत बदलणारा विकी साचा: हात लावण्याआधीची तयारी

विकीवर साचा म्हणजे एकदा लिहून अनेक पानांत वापरायचा तयार तुकडा; इथला साचा तेलाचे लिटर दिले की किलो काढून देतो. तो संपादनासाठी उघडला की आधी एकच गोष्ट शोधा: घनता, म्हणजे एका लिटरचं किलोतलं वजन, म्हणून आत कोणता आकडा बसवलाय? बरेचदा ०.९१ किंवा ०.९२ असा एकच आकडा सापडतो आणि तो शेंगदाण्यापासून एरंडेलापर्यंत सगळ्यांना सरसकट लावलेला असतो. सुधारणेची खरी गरज इथे आहे. रंग, चौकट, मांडणी हे सगळं नंतर. फुटाचे मीटर करायला एक ठरलेला गुणक पुरतो. लिटरचे किलो करायचे तर कोणतं तेल आणि किती तापमानाला, हे कळल्याशिवाय उत्तर निघतच नाही. म्हणून साच्याने एकतर या दोन गोष्टी विचारायला हव्यात, नाहीतर आपण काय गृहीत धरलं ते उत्तराशेजारी लिहायला हवं. पुढची सगळी तयारी या एका गोष्टीसाठी आहे.

हा साचा कोण आणि कशासाठी वापरणार, याची उदाहरणं आधी कागदावर काढा. पहिलं उदाहरण किराणा दुकानातलं. तेलाचा एक डबा १५ किलोचा असतो, शेजारचा १५ लिटरचा. ०.९१ घनतेने १५ लिटर तेल १३.६५ किलो भरतं, तर १५ किलो तेल सुमारे १६.४८ लिटर होतं. दोन्ही डबे बाहेरून सारखेच दिसतात आणि आत सव्वा किलोहून जास्त फरक असतो. भावाची तुलना करणाऱ्याला हे गणित नीट मिळालं पाहिजे. दुसरं उदाहरण घरी साबण करणाऱ्यांचं, आणि इथे चूक अंगावर येते. साबणाला लागणारा कॉस्टिक सोडा तेलाच्या वजनावर ठरतो. खोबरेलाच्या दर ग्रॅमला साधारण ०.१८३ ग्रॅम. कुणी ५०० मिलिलिटर खोबरेल घेऊन त्यालाच ५०० ग्रॅम समजलं, तर सोडा ९१.५ ग्रॅम पडेल. प्रत्यक्षात ते तेल सुमारे ४५८ ग्रॅम असतं आणि त्याला ८४ ग्रॅमच्या आसपास सोडा पुरतो. साबण त्वचेला सौम्य राहावा म्हणून ५ टक्के तेल जादा ठेवायची पद्धत आहे. ती सगळी सूट या चुकीत संपते आणि वर मोकळा सोडा साबणात उरतो. ज्या साच्याचा आकडा कुणाच्या हातातोंडाशी जाणार आहे, तो अंदाजाने भरू नये.

यानंतर साच्याची हद्द ठरवा. माझ्या मते खाद्यतेल आणि खनिज तेल एकाच साच्यात कोंबू नयेत. खनिज तेलाचं जग वेगळं आहे. तिथे बॅरल चालतो, म्हणजे ४२ अमेरिकी गॅलन, सुमारे १५८.९९ लिटर, आणि घनता एपीआय (अमेरिकन पेट्रोलियम इन्स्टिट्यूट) अंशांत सांगतात. ६० अंश फॅरनहाइटच्या सापेक्ष, म्हणजे पाण्याच्या तुलनेतल्या, घनतेने १४१.५ ला भागून त्यातून १३१.५ वजा केले की एपीआय अंश मिळतात. अंश जितके जास्त, तेल तितकं हलकं. ४० अंशांचं हलकं तेल टनाला सुमारे ७.६ बॅरल भरतं, १५ अंशांचं जड तेल सुमारे ६.५. जागतिक सरासरी म्हणून ७.३३ हा आकडा सगळीकडे फिरतो. तो सरासरीला ठीक आहे, पण एखाद्या विशिष्ट तेलक्षेत्राला लावला तर फसवतो. १ लाख बॅरल हलक्या आणि १ लाख बॅरल जड तेलाच्या वजनात दोन हजारांहून अधिक टनांचा फरक पडतो. आपल्याकडे कच्च्या तेलाचं उत्पादन टनांत मांडतात, बाहेरच्या बातम्या दिवसाला किती बॅरल ते सांगतात. १९७४ साली सापडलेल्या आणि १९७६ पासून तेल देणाऱ्या ‘मुंबई हाय’ या समुद्रातल्या तेलक्षेत्रावर कुणी लेख लिहिला, तर या दोन पद्धती एकाच परिच्छेदात समोरासमोर येतात. अशा लेखांसाठी स्वतंत्र साचा करा, त्यात एपीआय अंश भरणं सक्तीचं ठेवा, आणि आपण खाद्यतेलाकडे वळू.

सुगंधी तेलंही हद्दीबाहेर ठेवा. तेल पाण्यावर तरंगतं हे आपण गृहीत धरतो, पण लवंगेचं तेल पाण्यात बुडतं. त्याची घनता १ च्या वर आहे. खाद्यतेलांसाठी केलेल्या तक्त्यात ते ढकललं तर दहा टक्क्यांहून मोठी चूक होईल.

आता घनतेचा तक्ता. सगळ्यात जास्त वेळ इथे द्या. प्रत्येक तेलापुढे एकच आकडा लिहून भागत नाही. घनता, ती कोणत्या तापमानाला मोजली, सापेक्ष आहे की प्रत्यक्ष, आणि कुठून घेतली, असे चार रकाने हवेतच. कोडेक्सच्या, म्हणजे आंतरराष्ट्रीय अन्न मानकांच्या, खाद्यतेल मानकात सोयाबीनची सापेक्ष घनता ०.९१९ ते ०.९२५ आणि सूर्यफुलाची ०.९१८ ते ०.९२३ दिली आहे, दोन्ही २० अंश सेल्सिअसला. खोबरेलाची ०.९०८ ते ०.९२१ आहे, पण ती ४० अंशांना. पामतेलाची ०.८९१ ते ०.८९९, तीही ५० अंशांना. कारण उघड आहे: ही दोन तेलं २० अंशांना पातळच नसतात. कुणी घाईने हे चारही आकडे एका रकान्यात उतरवून घेतले, तर पामतेल सोयाबीनपेक्षा फार हलकं भासेल. त्यातला बराचसा फरक तेलाचा नसून तापमानाचा आहे. एरंडेल मात्र खरोखरच जड आहे, ०.९६ च्या आसपास. ०.९१ चा सरसकट गुणक त्याला लावला की लिटरमागे ५० ग्रॅम हरवतात.

सापेक्ष घनतेचा रकाना का, हेही साच्याच्या माहिती-पानावर लिहून ठेवा. वरचे आकडे २० अंशांच्या पाण्याच्या तुलनेत आहेत आणि त्या पाण्याची घनता ०.९९८२ असते. त्यामुळे ०.९२० सापेक्ष घनतेचं तेल लिटरला ९१८.३ ग्रॅम भरतं, ९२० नाही. फरक लहान आहे, मात्र पुढे कुणी तपासायला बसलं की दोन स्रोतांत सुमारे पावणेदोन ग्रॅमची तफावत का, या प्रश्नावर तास जातात.

तापमानाचं उत्तर सरकारी कागदातच मिळतं. २५ ऑगस्ट २०२२ रोजी केंद्राच्या ग्राहक व्यवहार विभागाने खाद्यतेल कंपन्यांना सांगितलं, की पाकिटावर तापमान छापू नका, आकारमानाबरोबर वजनही छापा. त्यासाठी १५ जानेवारी २०२३ पर्यंत मुदत दिली. काही पाकिटांवर थेट ६० अंशांपर्यंतचं तापमान छापलेलं असायचं. त्या निवेदनातलं उदाहरण आपल्या कामाचं आहे: १ लिटर सोयाबीन तेल २१ अंशांना ९१९.१ ग्रॅम भरतं आणि ६० अंशांना ८९२.६ ग्रॅम. ३९ अंशांत २६.५ ग्रॅम, म्हणजे दर अंशाला लिटरमागे सुमारे ०.६८ ग्रॅम. नेहमीच्या खाद्यतेलांना हाच उतार पुरेसा आहे, प्रत्येकासाठी वेगळं सूत्र शोधत बसू नका. याच हिशेबाने ३० अंशांना सोयाबीन ९१३ ग्रॅम येतं. त्याच निवेदनात तेल भरण्यासाठी ३० अंश हे योग्य तापमान सांगितलं आहे, तेव्हा साच्याचं गृहीत तापमानही ३० अंशच ठेवा. युरोपातल्या तक्त्यांचे २० अंश नागपूरच्या मे महिन्याला लागू पडत नाहीत.

पाकिटावर आता लिटर आणि ग्रॅम दोन्ही असल्यामुळे आणखी एक सोय करता येते: वापरणाऱ्याला स्वतःची घनता देऊ द्या. ‘घनता’ नावाचं एक प्राचल, म्हणजे साच्याला माहिती देण्याचा रकाना (पॅरामीटर), ठेवा. ते भरलं असेल तर तक्त्याकडे बघायचंच नाही. मात्र उत्तराखाली ‘दिलेल्या घनतेनुसार’ असं दिसलं पाहिजे.

थिजलेल्या तेलाचा निर्णय आधीच घ्या. खोबरेल २४ अंशांच्या आसपास थिजतं, आणि डिसेंबरात नाशिक-पुण्याकडे बाटलीतून निघतच नाही. असं तेल चमच्याने काढून वाटीत भरलं की मध्ये पोकळी राहते, वाटी भरलेली दिसते आणि वजन कमी असतं. कुणी खोबरेलासाठी २० अंश तापमान दिलं तर साच्याने आकडा देऊ नये, ‘वितळवून मोजा किंवा थेट वजन करा’ असं सांगावं.

मापांची यादी लांबवू नका. मिलिलिटर, लिटर, ५ मिलिलिटरचा छोटा चमचा, १५ मिलिलिटरचा मोठा चमचा, बस. ऑस्ट्रेलियाचा मोठा चमचा २० मिलिलिटरचा असतो, म्हणून तिथल्या पाककृतींसाठी मिलिलिटरच भरायला सांगा. कपाचं तेच: कुठे २४० तर कुठे २५० मिलिलिटर. औंस घ्यायचाच असेल तर आकारमानाचा आणि वजनाचा अशी दोन वेगळी नावं ठेवा, नुसतं ‘औंस’ लिहिलं तर चूक दाखवा. पळी आणि वाटीला उत्तर देऊ नका. प्रत्येक घरची पळी वेगळी असते.

नावांची तयारी मराठीत जास्त लागते. लोक शेंगदाणा लिहितील, शेंगदाणे लिहितील, भुईमूग आणि भुईमुगही लिहितील. खोबरेल, खोबरेल तेल, नारळ तेल. सूर्यफूल आणि सुर्यफुल. अशुद्ध लेखनाबद्दल साच्याने कुणाला अडवू नये. सगळी रूपं एका पर्यायी-नावांच्या यादीत घाला आणि ती मूळ नावाकडे वळवा. करडई, तीळ, मोहरी, सरकी, जवस ही आपल्याकडची तेलं पहिल्याच खेपेला असू द्या. नाव जुळवण्याआधी आजूबाजूची मोकळी जागा आणि शब्दात लपलेले अदृश्य जोडक (न दिसणारी, अक्षरं जोडणारी चिन्हं) काढून टाका. साच्यांचं गणित ज्या लुआ प्रोग्रॅमिंग भाषेत लिहितात, तिची साधी स्ट्रिंग (मजकूर हाताळणारी) फंक्शनं बाइट मोजतात आणि देवनागरीचं एक चिन्ह युटीएफ-८ या मजकूर साठवण्याच्या पद्धतीत तीन बाइटचं असतं, म्हणून त्यांनी शब्द कापला तर अक्षर मध्येच तुटतं. विकी ज्यावर चालतं त्या मीडियाविकी सॉफ्टवेअरची युनिकोड जाणणारी फंक्शनं वापरा.

आकड्यांचीही तीच कथा. ‘१५’ देवनागरीत लिहिलं तर लुआचं साधं आकडे वाचणारं फंक्शन काहीच परत देत नाही आणि साचा लाल अक्षरांत कोसळतो. मीडियाविकीच्या भाषा-लायब्ररीत स्थानिक आकडे वाचण्याची आणि उत्तर देवनागरीत छापण्याची सोय आहे; आत जाताना आणि बाहेर येताना दोन्हीकडे ती वापरा. अर्धा, पाव, दीड हे शब्दही स्वीकारता आले तर उत्तम, कारण तेल आपण असंच मागतो.

उत्तर किती अंकांपर्यंत दाखवायचं? तीन सार्थ अंक, त्याहून एकही जास्त नाही. एकाच तेलाच्या घनतेचा पल्ला तिसऱ्या अंकात हलतो, मग ९१३.०३८४ ग्रॅम छापणं म्हणजे नसलेल्या अचूकतेचा दावा करणं. पूर्णांकन मात्र अगदी शेवटी करा, मधल्या पायऱ्यांत नाही. आणि तेलाचं नाव रिकामं असेल, ओळखता आलं नसेल किंवा आकारमान ऋण असेल, तर गुपचूप ०.९१ धरून पुढे जाऊ नका. स्पष्ट मराठीत सूचना द्या आणि ते पान एका देखरेख वर्गात टाका, म्हणजे अडलेली पानं एका जागी सापडतील.

कोड लिहिण्याआधी चाचण्यांची उत्तरं हाताने काढून ठेवा. सोयाबीन, १ लिटर, २१ अंश: ९१९ ग्रॅम. तेच ६० अंशांना: ८९३. तेच १५ लिटर, ३० अंशांना: १३.७ किलो. घनता ०.९१ देऊन १५ किलोचे लिटर: १६.५. शून्य लिटरला शून्य. देवनागरी आणि इंग्रजी आकड्यांना एकच उत्तर. खोबरेल २० अंशांना सूचना. लवंग तेलाला सूचना. आधी कोड चालवून त्याचंच उत्तर अपेक्षित म्हणून नोंदवलं, तर चाचणी काहीच पकडत नाही.

तक्ता वेगळ्या विभाग-पानावर (लुआ कोड किंवा डेटा ठेवायच्या पानावर) ठेवा आणि गणित वेगळ्या. तेलाच्या धंद्यातला जाणकार माणूस लुआ न शिकता एखादा आकडा दुरुस्त करू शकला पाहिजे. तक्त्याचं पान डेटा म्हणून वाचलं की एका लेखात साचा वीस वेळा आला तरी तक्ता एकदाच वाचला जातो.

मग जुन्या पानांकडे या. ‘येथे काय जोडले आहे’ उघडून साचा कुठे कुठे वापरलाय ती यादी काढा. जुन्या पानांवर तेलाचं नावच दिलेलं नसेल, आणि नवा नियम तिथे एकदम लागू केला तर ती सगळी मोडतील. थोडे दिवस जुनं उत्तर ‘तेलाचा प्रकार दिलेला नाही, ०.९१ धरली आहे’ या टिपेसह चालू द्या, त्या पानांना देखरेख वर्ग लावा आणि एकेक करून दुरुस्त करा. बदल आधी धूळपाटीवर (सरावाच्या पानावर) करा, जुनं-नवं उत्तर शेजारी ठेवून साच्याच्या चर्चापानावर मांडा आणि इतरांना बघायला वेळ द्या. साचा सुरक्षित (सगळ्यांना संपादनासाठी बंद) केलेला असेल तर प्रचालकांना, म्हणजे विकीच्या व्यवस्थापकांना, विनंती करताना चाचण्यांचा दुवाही जोडा.

माहिती-पान त्याच दिवशी लिहा: प्राचलांची नावं, गृहीत तापमान, घनतेचे स्रोत, काय चालत नाही, आणि डबा व साबण अशी दोन चालती उदाहरणं. जतन केल्यावर सगळ्यात जास्त वापराची पाच-सहा पानं उघडून उत्तरं हातच्या हिशेबाशी ताडून बघा. बदल सगळ्या पानांवर पोचायला वेळ लागतो, म्हणून देखरेख वर्ग दुसऱ्या दिवशीही एकदा तपासा.