मॅसरेटर संडासाची मोटर आपोआप सुरू व्हायची, ती अशी थांबली

आईचे गुडघे गेले, रात्री अंगणापलीकडं जाणं जमेना. म्हणून तिच्या खोलीलगत मॅसरेटरचा संडास बसवला. मागच्या डब्यातलं पातं मैल्याचा लगदा करतं, पंप तो बारीक पाइपातून सेप्टिक टाकीत ढकलतो. पण यवतमाळकडचं आमचं बोअरचं पाणी जड, क्षार लवकर धरतात.

उन्हाळ्यात कोणी फ्लश न करताही मोटर मधूनच घरघरायला लागली. डब्यात पाणी भरलं की ती आपोआप चालू होते, म्हणून अशा वेळी एकतर फ्लशटाकी भांड्यात झिरपत असते, नाहीतर पाइपातलं पाणी डब्यात परत येत असतं. फ्लशटाकीत हळद टाकून ठेवली. भांड्यात पिवळं उतरलं नाही, म्हणजे दोष परतझडपेत, पाइपातलं पाणी मागे येऊ न देणाऱ्या झडपेत. प्लग काढला, हातमोजे घातले, पाइप सोडण्याआधी खाली बादली लावली. वर चढलेलं पाणी सगळं खाली येतं. झडपेच्या रबरी पडद्याच्या कडेला पांढरी, खरखरीत पापडी जमली होती, नखानं निघेना. लिंबूसत्त्वाच्या कोमट पाण्यात भिजवल्यावर सुटली. तसंच पाणी डब्यात सोडून रात्रभर ठेवलं, तेही प्लग काढूनच, नाहीतर पंप ते लगेच फेकून देतो. सकाळी भरपूर पाणी ओतून चालवलं. मोटर गप्प.

तीव्र ॲसिड यात ओतू नका, रबर खराब होतं. ॲसिड आणि ब्लीच एकत्र तर कधीच नाही, विषारी क्लोरीन निघतो. कापूस, पॅड, ओले वाइप्स पात्यात अडकतात. आणि लाइन गेली की हा संडास बंद. भारनियमनात आईजवळ कमोडची खुर्ची ठेवतोच.