सोयाबीनच्या पीकविम्याची भरपाई पेरणीआधी कशी मोजावी

पाऊस बेभरवशाचा झाल्यापासून पीकविमा काढण्याचा आग्रह मराठवाड्यात कोणाला करावा लागत नाही. मात्र त्यातून किती रक्कम हाती येऊ शकते, हा हिशेब पेरणीआधी क्वचितच मांडला जातो.

प्रथम आपल्या महसूल मंडळातील (काही गावांचा मिळून केलेला महसुली गट) सोयाबीनची गेल्या सात वर्षांची हेक्टरी सरासरी उत्पादकता कृषी कार्यालयातून मिळवावी. प्रधानमंत्री पीकविमा योजनेत त्यांपैकी सर्वांत चांगल्या पाच वर्षांची सरासरी काढून तिला जोखीमस्तराने, म्हणजे ७० टक्क्यांनी, गुणतात. हेच उंबरठा उत्पादन; मंडळाची सरासरी याखाली गेली, तरच त्या प्रमाणात भरपाई मिळते. समजा, आकडे १२००, १४००, ६००, १३००, ११००, ७०० आणि १५०० किलो आहेत. चांगल्या पाचांची सरासरी १३०० आणि उंबरठा ९१० किलो येतो. यंदा मंडळाची सरासरी ६३७ किलो भरली, तर घट उंबरठ्याच्या ३० टक्के झाली. विमा संरक्षित रक्कम हेक्टरी ५०,००० रुपये असल्यास भरपाई १५,००० रुपये. खरिपात शेतकऱ्याचा हप्ता कमाल २ टक्के, म्हणजे येथे १,००० रुपये.

आता १५००च्या जागी ६५० लिहून, म्हणजे सातांत तिसरे वाईट वर्ष धरून, तेच गणित पुन्हा करावे. उंबरठा ७९८ किलोंवर उतरतो आणि त्याच ६३७ किलोंसाठी भरपाई सुमारे १०,१०० रुपयेच मिळते. सूत्र दोनच वाईट वर्षे वगळू शकते. दुष्काळ आणि अतिवृष्टी वारंवार येऊ लागल्या की ज्याला संरक्षणाची सर्वाधिक गरज, त्याचेच संरक्षण आक्रसते. ही त्रुटी मला अन्यायकारक वाटते आणि ग्रामसभांनी ती ठरावाद्वारे शासनाकडे मांडायला हवी.

शिवाय ही सरासरी मंडळाची असते. नाल्याकाठचे आपले रान पूर्ण वाहून गेले, तरी मंडळाची सरासरी उंबरठ्याच्या वर राहिल्यास उत्पादनावर आधारित भरपाई शून्य. वैयक्तिक नुकसानीची वेगळी तरतूद यंदा आहे की नाही, हे त्या हंगामाच्या शासन निर्णयात वाचूनच ठरवावे, कारण अटी बदलतात: महाराष्ट्रात २०२३च्या खरिपात सुरू झालेला एक रुपयातील विमा २०२५मध्ये बंद झाला.

म्हणून बियाणे, खत, फवारणी व मजुरीच्या हेक्टरी खर्चातून अपेक्षित भरपाई वजा करावी आणि उरलेल्या तुटीइतकी शिल्लक चांगल्या वर्षीच्या विक्रीतून बाजूला ठेवावी. एवढी शिल्लक शक्य नसेल, तर काही क्षेत्रावर तूर आंतरपीक घ्यावी. गावात पीक कापणी प्रयोग, म्हणजे निवडलेल्या शेतातील ठरावीक तुकडा कापून उत्पादनाची मोजणी, होईल तेव्हा हजर राहून वजनाची नोंद पाहावी, कारण मंडळाची सरासरी ठरवताना अशा नोंदी धरल्या जातात.