मोबाइलवरील बेसबॉलमध्ये 'ऑटो' कसे वापरावे: कोणता सामना सोपवावा आणि कोणता हातात ठेवावा

पार्क मैदानावर टेनिस बॉलने क्रिकेट खेळत मोठ्या झालेल्या सोलापूरच्या मुलांना बेसबॉलची ओळख बहुतेक वेळा मोबाइलवरच होते, आणि खेळाची गोडी लागल्यावर पहिली अडचण येते ती वेळेची. अमेरिकेतील मेजर लीग बेसबॉलमध्ये प्रत्येक संघ एका हंगामात १६२ सामने खेळतो. ज्या मोबाइल खेळांत हा हंगाम जसाच्या तसा उभा केलेला असतो, तिथे एका सामन्याला पंधरा मिनिटे धरली तरी हाताने खेळून हंगाम पूर्ण करायला चाळीस तासांहून अधिक वेळ लागेल. नोकरी, कॉलेज किंवा दुकान सांभाळणाऱ्या माणसाला हे जमणारे नाही. म्हणूनच अशा बहुतेक खेळांत स्वयंचलित खेळाची, म्हणजे 'ऑटो'ची, सोय दिलेली असते. मात्र ते बटण दाबून फोन बाजूला ठेवला की काम झाले, असे समजणाऱ्यांचे संघ गुणतालिकेच्या मधल्या जागांवरच अडकून पडतात. ऑटोचा निकाल बराचसा बटण दाबण्यापूर्वी केलेल्या मांडणीवर ठरतो, आणि उरलेला निकाल सामन्यातील दोन-चार क्षणी आपण खेळ हातात घेतो की नाही, यावर.

आपल्या पूर्व भागातील यंत्रमाग कारखान्यात एक कामगार एकाच वेळी अनेक माग सांभाळतो, तो प्रत्येक धोट्याकडे टक लावून बसत नाही. धागा कुठे तुटतो, एवढ्यावर त्याची नजर असते. ऑटोवर चाललेला सामना सांभाळण्याची रीतही हीच आहे.

ऑटो सुरू असताना नेमके काय होते

हाताने खेळताना चेंडू कधी टोलवायचा हे आपले बोट ठरवते, त्यामुळे मध्यम दर्जाच्या बॅटरकडूनही आपण होम रन (क्रिकेटच्या षटकारासारखा फटका) काढू शकतो. ऑटोमध्ये बोटाचे हे कौशल्य पूर्णपणे बाजूला पडते. बॅटरचे आणि पिचरचे (चेंडू टाकणाऱ्याचे) गुणांक समोरासमोर ठेवून, त्यात योगायोगाचा थोडा भाग मिसळून, प्रोग्रॅम निकाल काढतो. त्यामुळे हाताने खेळण्यासाठी निवडलेला संघ ऑटोसाठी योग्य असेलच असे नाही. चेंडू अफाट वळवणारा पण नियंत्रण कच्चे असलेला पिचर आपल्या हातात प्रभावी ठरतो, कारण चेंडू कुठे टाकायचा हे आपण ठरवतो. तोच पिचर ऑटोवर सोडला की चार-चार बॉल (बॅटरच्या टप्प्याबाहेरचे चेंडू) टाकून बॅटरला फुकट पहिल्या बेसवर, म्हणजे धावेच्या वाटेवरील पहिल्या टप्प्यावर, पाठवू लागतो. माझ्या मते ऑटोसाठी पिचरमध्ये नियंत्रण आणि दमसास आधी पाहावा, वेग नंतर. बॅटरमध्ये चेंडू बॅटवर घेण्याची क्षमता आणि खराब चेंडू सोडून देण्याची नजर यांना निव्वळ ताकदीपेक्षा अधिक महत्त्व द्यावे. धावण्याच्या वेगावर मात्र फार खर्च करू नये, कारण त्याचा उपयोग करण्यासाठी लागणारा निर्णय ऑटोमध्ये आपल्या हातात नसतो.

ऑटोचे साधारणपणे तीन प्रकार आढळतात. पहिल्यात पूर्ण सामना पडद्यावर दिसतो आणि मध्येच थांबवून सूत्रे हातात घेता येतात. दुसऱ्यात थेट निकालच समोर येतो. तिसऱ्यात फक्त बॅटिंग, फक्त पिचिंग किंवा केवळ निर्णायक प्रसंग आपल्याकडे येतात आणि बाकीचे प्रोग्रॅम उरकतो. हा तिसरा प्रकार ज्या खेळात आहे, तिथे त्याचा सर्वाधिक वापर करावा. वेळ आणि निकाल यांचा सर्वांत चांगला मेळ त्यातच बसतो.

सामन्यापूर्वीची मांडणी

बॅटिंगचा क्रम लावताना क्रिकेटची सवय आड येते. क्रिकेटमध्ये तळाचा फलंदाज अनेकदा खेळायलाच येत नाही, तर बेसबॉलमध्ये नऊ जणांचे चक्र सतत फिरत राहते आणि सामना त्या चक्रात कुठेही संपू शकतो. सामना नवांपैकी कोणत्याही बॅटरवर संपण्याची शक्यता साधारण सारखी धरली, तर क्रमात एक जागा खाली येणाऱ्या बॅटरला दर नऊ सामन्यांत एक संधी कमी मिळते, म्हणजे १६२ सामन्यांच्या हंगामात सुमारे १८ संधी कमी. पहिल्या आणि नवव्या जागेतील फरक याच हिशेबाने १४४ संधींचा होतो. ऑटोवर पूर्ण हंगाम काढायचा असेल तर हा आकडा फार मोठा आहे. म्हणून सातत्याने बेसवर पोहोचणारा बॅटर पहिल्या जागी, संघातील सर्वोत्तम बॅटर दुसऱ्या ते चौथ्या जागेत आणि सर्वांत दुबळा बॅटर नवव्या जागी ठेवावा. प्रोग्रॅमने सुचवलेला क्रम पुष्कळदा केवळ एकूण गुणांकावर लावलेला असतो. तो तसाच स्वीकारू नये.

डावखुरा बॅटर उजव्या हाताच्या पिचरसमोर आणि उजवा बॅटर डावखुऱ्या पिचरसमोर सहसा अधिक चांगला खेळतो. बहुतेक खेळांत या दोन्ही प्रसंगांसाठी वेगवेगळे क्रम जतन करून ठेवता येतात. उजवे पिचर अधिक संख्येने भेटत असल्यामुळे दुसरा क्रम भरायचाच राहतो, आणि डावखुरा पिचर आला की कोणाचीही कुठेही वर्णी लागलेली दिसते. क्षेत्ररक्षणात कॅचर (बॅटरमागचा खेळाडू), शॉर्टस्टॉप (दुसऱ्या व तिसऱ्या बेसमधला), दुसरा बेस आणि सेंटर फील्ड (मैदानाचा मागचा मधला भाग) या मधल्या रेषेवर आपापल्या जागेचेच खेळाडू असावेत. चांगला बॅटर संघात बसत नाही म्हणून त्याला शॉर्टस्टॉपला उभे करण्याचा मोह आवरावा. त्याला पहिला बेस, लेफ्ट फील्ड किंवा क्षेत्ररक्षण न करणाऱ्या डेझिग्नेटेड हिटरची जागा द्यावी.

ऑटोमधील सर्वाधिक पराभव मात्र पिचिंगमुळे होतात. सुरुवातीचे पाच पिचर आळीपाळीने खेळतील अशी रचना असते, परंतु पाठोपाठ सामने लावल्यास थकलेला पिचर पुन्हा मैदानात उतरू शकतो, म्हणून दर चार-पाच सामन्यांनंतर दमसासाच्या पट्ट्या पाहून घ्याव्यात. पिचर कधी बदलायचा याची मर्यादा ठरवण्याची सोय असेल तर ती थोडी लवकरची ठेवावी. दम संपत आलेल्या पिचरचे गुणांक झपाट्याने घसरतात आणि ऑटो त्याला एक डाव (दोन्ही संघांची बॅटिंगची एकेक पाळी; पूर्ण सामन्यात असे नऊ) जास्त खेळवते. राखीव पिचरांच्या भूमिका स्वतः नेमाव्यात. 'सेव्ह'चा सर्वांत परिचित नियम असा की, तीन किंवा त्याहून कमी धावांची आघाडी हाती घेऊन किमान एक डाव टाकत सामना जिंकून संपवणाऱ्या राखीव पिचरला सेव्ह मिळते. संघातील उत्तम राखीव पिचर अशाच प्रसंगासाठी क्लोजर म्हणून राखून ठेवावा आणि सात-आठ धावांची आघाडी किंवा तितकीच पिछाडी असताना वापरण्यासाठी सर्वांत दुबळा पिचर नेमावा. भूमिका रिकाम्या राहिल्या, तर हातचा सुटलेला सामना टाकायला प्रोग्रॅम आपला सर्वोत्तम माणूस पाठवतो आणि पुढच्या सामन्यात तो दमलेला असतो.

बंट (बॅट न फिरवता चेंडू हळूच जवळ सोडणे) आणि बेसचोरी (फटका न लागताच धावपटूने पुढचा बेस गाठणे) यांची वारंवारता कमी ठेवावी. कोणीही आउट नसताना पहिल्या बेसवरील धावपटूला बंटद्वारे दुसऱ्या बेसवर नेणे म्हणजे एक आउट देऊन एक बेस विकत घेणे होय, आणि प्रत्यक्ष बेसबॉलच्या आकडेवारीनुसार या व्यवहारात त्या डावातील अपेक्षित धावा सरासरीने घटतात. बेसचोरीही दहापैकी साधारण सात वेळा यशस्वी होत नसेल तर तोट्याचीच ठरते.

कोणते सामने ऑटोवर सोडावेत

हंगामातील नेहमीचे सामने, रोजची ठरलेली कामे आणि केवळ बक्षिसासाठी पुन्हा खेळायचे जिंकलेले टप्पे ऑटोवर सोडावेत, कारण तिथे एखादा पराभव झाला तरी फारसे बिघडत नाही. मानांकनाचे सामने, मर्यादित दिवसांच्या स्पर्धा आणि 'या सामन्यात दोन होम रन काढा' अशा अटी असलेले सामने हातानेच खेळावेत. अट ऑटोला कळत नाही. त्याला फक्त सामना कळतो.

या दोहोंच्या मधले सामने सातव्या डावापर्यंत ऑटोवर ठेवून तिथून पुढे लक्ष द्यावे. एक प्रसंग पाहू. आठव्या डावात आपली आघाडी ४-३ अशी आहे, प्रतिस्पर्ध्याचा एक बॅटर बाद झाला आहे, दुसऱ्या व तिसऱ्या बेसवर धावपटू आहेत, आपल्या पिचरची पट्टी लाल झाली आहे आणि समोर त्यांचा चौथ्या क्रमांकाचा दणकट उजवा बॅटर उभा आहे. त्याच्यानंतरचा बॅटर डावखुरा असून आपल्याकडे नियंत्रण चांगले असलेला डावखुरा राखीव पिचर ताजातवाना आहे. ऑटो इथे बहुधा आहे त्याच पिचरला पुढे चालू देईल. आपण सामना थांबवून चौथ्या बॅटरला मुद्दाम पहिल्या बेसवर जाऊ द्यावे आणि मग पिचर बदलावा. तिन्ही बेस भरल्यामुळे बॅटरजवळच्या होम प्लेटसह प्रत्येक बेसवर धावपटूला स्पर्श न करता बाद करता येते, आणि जमिनीवरून आलेल्या एका फटक्यात डबल प्ले (दोघे एकदम बाद) होऊन डावच संपू शकतो. पिचर बदलताना हेही लक्षात ठेवावे की, मेजर लीगच्या २०२० पासूनच्या नियमानुसार नव्या पिचरने किमान तीन बॅटरना सामोरे जावे लागते किंवा तो अर्धा डाव संपवावा लागतो, आणि काही खेळ हा नियम पाळतात. यात धोकाही आहे, कारण आता चार बॉल पडले तर बरोबरीची धाव फुकट जाते. म्हणून नियंत्रण कच्चे असलेला पिचरच उरला असेल तर हा डावपेच टाळावा.

घड्याळ आणि फोन

ऑटोच्या सामन्यांना ऊर्जा किंवा तिकिटे लागतात आणि ती ठरावीक वेळेने भरतात. समजा एक एकक दहा मिनिटांनी भरते आणि कमाल मर्यादा तीसची आहे; तर रिकामी पट्टी पाच तासांत भरते आणि त्यानंतरचा वेळ वाया जातो. रात्री अकराला ती रिकामी करून झोपलेल्या माणसाची पट्टी पहाटे चारला भरलेली असते, म्हणून सकाळी उठल्यावर चहा होईपर्यंत पहिली फेरी उरकावी. खेळाचा दिवस कधी बदलतो तेही एकदा पाहून ठेवावे. तो कोरिया किंवा जपानच्या मध्यरात्री बदलत असेल तर आपल्याकडे रात्रीचे साडेआठ वाजलेले असतात, आणि जागतिक प्रमाणवेळेप्रमाणे बदलत असेल तर पहाटेचे साडेपाच. साडेआठवाल्या खेळात रोजची कामे रात्री जेवणानंतर करू म्हणणाऱ्याचा एक दिवस हमखास हुकतो.

सोलापुरात एप्रिल-मे महिन्यांत पारा चाळिशीच्या पुढे राहतो, तेव्हा चार्जिंगला लावलेल्या फोनवर सलग ऑटो चालवणे बॅटरीसाठी घातक असते. फोन तापला की त्याचा प्रोसेसर आपणहून मंद होतो आणि त्याच वेळेत कमी सामने होतात. कव्हर काढून फोन शहाबादी फरशीवर ठेवावा. दगड उष्णता ओढून घेतो. गादीवर किंवा उशीखाली तो कधीही ठेवू नये. पडद्याचा उजेड आणि चित्रांचा दर्जा कमीत कमी ठेवावा आणि खेळातच वीजबचतीचा पर्याय असल्यास तो सुरू करावा. पडदा आपोआप बंद झाल्यास अनेक खेळ थांबतात, म्हणून ती वेळ वाढवून ठेवावी.

वीज गेली की वाय-फाय बंद पडून फोन मोबाइल डेटावर जातो आणि त्या क्षणी जोडणी तुटू शकते. दुसऱ्या खेळाडूविरुद्धच्या सामन्यात जोडणी तुटणे हा अनेक ठिकाणी पराभव धरला जातो. हुतात्मा एक्सप्रेसने पुण्याला जाताना वाटेत रेंज येत-जात असते, तेव्हाही हंगामाचे सामनेच लावावेत आणि मानांकनाच्या सामन्यांना हात लावू नये.

ऑटोचा वेग वाढवण्यासाठी पैसे मागणारे पर्याय काही खेळांत असतात. ते घ्यावेत की नाही हा ज्याच्या त्याच्या खिशाचा प्रश्न आहे, पण मांडणी चुकलेली असेल तर दुप्पट वेगाने पराभवच जमा होतील. पडद्यावर आपोआप टिचक्या मारणारी बाहेरची अॅप मात्र अजिबात वापरू नयेत. बहुतेक खेळांच्या अटींमध्ये ती निषिद्ध असतात आणि खाते कायमचे बंद होऊ शकते.

निकालांची तपासणी

मांडणीत एका वेळी एकच बदल करावा आणि तो पुरेसे सामने चालू द्यावा. वीस सामन्यांत नऊऐवजी बारा विजय मिळाले तर तो निव्वळ योगायोगही असू शकतो. पन्नास-साठ सामन्यांनंतर काहीतरी म्हणता येते. केवळ जय-पराजय न मोजता सामना कोणत्या डावात हातचा गेला ते पाहावे. सातव्या डावानंतर गमावलेले सामने अधिक असतील तर दोष राखीव पिचरांच्या नेमणुकीत किंवा बदलाच्या मर्यादेत असतो. पहिल्या तीन डावांतच धावा जात असतील तर सुरुवातीचे पिचर दमलेले आहेत का ते आधी तपासावे, आणि नंतरच नवे खेळाडू घेण्याचा विचार करावा. बेसवर धावपटू पुष्कळ पण धावा कमी, असे चित्र असेल तर ताकदीचे बॅटर क्रमात फार खाली बसलेले असतात. मोठ्या अपडेटमध्ये खेळाडूंचे गुणांक बदलतात आणि जतन केलेले क्रम क्वचित पुसलेही जातात. त्या दिवशी दोन्ही क्रम, पिचरांची पाळी आणि क्लोजरचे नाव पाहिल्याशिवाय पहिला सामना ऑटोवर लावू नये.