व्हेनिसच्या घेट्टोत फिरायचं असेल तर मजले मोजत फिरा

व्हेनिसला जाणारे बहुतेक लोक सान मार्कोचा चौक, रियाल्टोचा पूल, गोंडोल्यातला एक फोटो एवढं करून रात्रीची ट्रेन पकडतात, आणि गंमत म्हणजे स्टेशनपासून दहा-बारा मिनिटांवर जगातली पहिली 'घेट्टो' म्हटली गेलेली वस्ती आहे तिच्या बाजूनेच चालत गेलेले असतात. हा शब्दच इथला. ज्यूंना १५१६ साली ज्या बेटावर कोंडलं तिथे आधी तोफा ओतायचा कारखाना होता, ओतशाळेला तिथल्या बोलीत 'जेत्तो', आणि जर्मनीकडून आलेल्या ज्यूंच्या तोंडी त्याचं घेट्टो झालं असं मानतात.

सगळ्यात आधी वार बघा. मी पहिल्यांदा शनिवारी गेले, कारण रविवारी परतीची फ्लाईट होती आणि डोकं चालवलं नाही. शुक्रवारच्या सूर्यास्तापासून शनिवारी अंधार पडेपर्यंत शब्बाथ, म्हणजे ज्यूंचा आठवड्याचा विश्रांतीचा दिवस, म्यूझियम बंद, सिनेगॉगच्या म्हणजे ज्यूंच्या प्रार्थनाघरांच्या टूर बंद, मी आपली चौकातल्या बाकावर बसून कबुतरं बघत बसले. ज्यू सणांनाही तसंच, आणि सप्टेंबर-ऑक्टोबरमध्ये हे सण एकामागोमाग एक येतात, त्यामुळे त्या दिवसांत जाणार असाल तर कॅलेंडर उघडल्याशिवाय तिकीट काढू नका. शुक्रवारी दुपारनंतरचं पण काही खरं नाही. रविवार ते गुरुवार, सकाळची वेळ, हे माझं मत.

दुसरं म्हणजे गाईड घ्यायचाच. मी एरवी गाईडच्या मागे छत्री बघत फिरणाऱ्यातली नाही, पण इथे इलाजच नाही, कारण बघण्यासारखं जे आहे ते वरच्या मजल्यावर आणि कुलपात आहे. सिनेगॉगच्या आत फक्त टूरबरोबरच सोडतात. टूर ज्यू म्यूझियमतर्फे असतात, इंग्लिशमधली मिळते, ऑनलाईन बुक करता येते. बरीच वर्षं तिथे डागडुजीचं मोठं काम चालू आहे त्यामुळे पाचपैकी कुठली सिनेगॉग सध्या दाखवतात ते बुक करतानाच बघा, पाचही दाखवतील अशी आशा नको, दोन-तीन बघायला मिळाली तरी पैसे वसूल. आणि हो, नुसते दिवसभरासाठी व्हेनिसला येणार असाल तर २०२४ पासून वसंत-उन्हाळ्यातल्या ठरावीक दिवशी शहरात शिरायचीच फी लागते, आधी नोंदणी केली तर ५ युरो, ऐनवेळी केली तर जास्त, तारखा दरवर्षी बदलतात.

टूरच्या तासभर आधी पोचा आणि वस्ती एकट्याने एकदा चालून घ्या, म्हणजे गाईड बोलायला लागेल तेव्हा तुम्हाला जागा ओळखीची झालेली असते. सांता लुचिया स्टेशनातून बाहेर पडलं की डावीकडे वळून लिस्ता दी स्पान्या या गर्दीच्या रस्त्याने सरळ जायचं, पोंते देल्ले गूल्ये हा टोकदार दगडी सुळक्यांचा पूल ओलांडायचा, ओलांडल्यावर लगेच डावीकडे कालव्याच्या कडेने चालायचं आणि उजव्या हाताच्या घरांकडे नीट लक्ष ठेवायचं. दोन घरांच्या मध्ये एक बुटका बोगदा लागतो, कोणाच्या तरी घरात शिरतोय असं वाटतं आणि नव्वद टक्के लोक तो सोडून पुढे जातात. तेच दार. खरोखरच दार होतं इथे, रात्री बंद व्हायचं, सकाळी सान मार्कोची मारांगोना घंटा वाजली की उघडायचं. पहारेकरी ख्रिश्चन आणि त्यांचा पगार आत कोंडलेल्यांच्याच खिशातून. कालव्यातून होड्यांची गस्त, तिचाही खर्च ह्यांच्याच माथी. रात्री बाहेर पडायची सवलत मुख्यतः डॉक्टरांना, कारण आजारी पडल्यावर शहरातल्या बड्या लोकांना ज्यू वैद्यच हवा असायचा! बोगद्यातल्या दगडात दाराच्या बिजागऱ्यांच्या खाचा अजून आहेत. गाईड दाखवतात, पण ग्रुप मोठा असला की मागच्यांना दिसत नाही, म्हणून आधीच बघून ठेवा.

बोगद्यातून पुढे गेलं की भिंतीत एक मोठी दगडी पाटी आहे, १७०४ सालची, बारीक अक्षरांनी गच्च भरलेली. ज्यू धर्म सोडून ख्रिश्चन झालेल्यांनी पुन्हा घेट्टोत पाऊल टाकायचं नाही, टाकलं तर काय काय शिक्षा, आणि चुगली करणाऱ्याला बक्षीस, असं सगळं त्यात आहे. म्हणजे धर्म बदलला की आईच्या घरी जेवायला जायचं पण बंद. ह्या पाटीपाशी गाईड थांबला नाही तर त्याला थांबवा.

आता नावांचा घोळ. तुम्ही ज्यात शिरलात तो घेट्टो वेक्यो, म्हणजे जुना, आणि पूल ओलांडून जो चौक लागतो तो घेट्टो नोव्हो, म्हणजे नवा. पण ज्यू आधी नव्यात राहायला आले, १५१६ ला, आणि जुन्यात नंतर, १५४१ ला. कारण जुना-नवा ही ओतशाळांची नावं, वस्तीची नाहीत. १६३३ ला अजून एक तुकडा जोडला त्याला नोव्हिस्सिमो म्हणतात, तिथे फार काही बघायला नाही.

नव्या घेट्टोच्या चौकात आलात की मधल्या विहिरीपाशी उभे राहा (तीन आहेत, कुठलीही चालेल) आणि मजले मोजा. मजेत नाही, खरंच बोट दाखवत मोजा. व्हेनिसमध्ये इतरत्र घरं तीन-चार मजली, इथे सात, कुठे आठ. बेट तेवढंच, माणसं वाढत गेली, सतराव्या शतकात पाच हजाराच्या आसपास पोचली, आडवं पसरायला बंदी, मग चढवा मजला, एका मजल्यात पोटमाळा टाकून दोन करा. खिडक्यांच्या ओळी बघा किती जवळजवळ आहेत, काही मजल्यांत उंच माणूस सरळ उभा राहिला तर डोकं आपटेल. आणि हे सगळं भाड्याने, कारण ज्यूंना जागा विकत घ्यायची परवानगी नव्हती. १५१६ ला आधीच्या भाडेकरूंना काढून ह्यांना आणलं तेव्हा घरमालकांना भाडं एक तृतीयांश वाढवून दिलं सरकारने. त्यातून भाडेकरूंनी काढलेली वाट म्हणजे आपली पागडीच: घराचा हक्क मालकाचा, पण राहण्याचा हक्क भाडेकरूचा, तो वारसाने मिळायचा, विकता यायचा, मुलीच्या लग्नात हुंडा म्हणून पण द्यायचे. जुस गाझागा म्हणायचे त्याला. गाईडला नक्की विचारा, ह्यावर बोलायला त्यांना आवडतं असा माझा अनुभव.

मजले मोजताना सिनेगॉग शोधा. बाहेरून मोठा घुमट नाही, पाटी नाही, काही नाही. वरच्या मजल्यावर पाच उंच कमानदार खिडक्या एका ओळीत दिसल्या की समजायचं, तोराह म्हणजे ज्यूंचा मूळ धर्मग्रंथ, त्याचे पाच भाग म्हणून पाच. छपरावर छोटा लाकडी घुमट डोकावताना दिसला तर ते स्कोला कान्तोन. इथे सिनेगॉगला स्कोला म्हणजे शाळा म्हणतात. एकूण पाच: जर्मन, कान्तोन, इटालियन, लेव्हान्तीन (भूमध्य समुद्राच्या पूर्वेकडून आलेल्यांची) आणि स्पॅनिश, जो जिथून आला त्याची प्रार्थनेची पद्धत वेगळी, म्हणून प्रत्येकाची वेगळी स्कोला. जर्मन सगळ्यात जुनी, १५२८ ची. सगळ्यात वरच का, तर प्रार्थनेच्या जागेच्या डोक्यावर कोणी राहू नये आणि खाली जागा होतीच कुठे.

आत गेल्यावर काय बघायचं ते सांगते, कारण टूरमध्ये वेळ कमी असतो आणि सोनेरी कोरीवकाम बघूनच डोळे दिपतात. भिंती बघा. संगमरवरासारख्या दिसतात. संगमरवर वापरायची ज्यूंना मनाई होती म्हणून चुना आणि दगडाची पूड घोटून घोटून तसा गिलावा केलाय, लाकूड रंगवून पण तसंच केलंय. नाक भिंतीजवळ नेऊन बघितलं तर शिरा जरा जास्तच व्यवस्थित वाटतात, खऱ्या दगडात एवढी शिस्त नसते. मग बायकांच्या बसायची जाळीची गॅलरी बघा. जर्मन स्कोलाचा हॉल चौकोनी पण नाही, आधीच्या घरांच्या भिंतींप्रमाणे वाकडातिकडा आहे, गॅलरी अंडाकृती करून तो वाकडेपणा झाकलाय. लेव्हान्तीन आणि स्पॅनिश जुन्या घेट्टोत समोरासमोर आहेत, आणि त्या अजून वापरात आहेत, थंडीत लेव्हान्तीन कारण तिथे हीटिंग आहे, उन्हाळ्यात स्पॅनिश.

पुरुषांनी डोकं झाकायचं, टोपी नसेल तर तिथे देतात. खांदे-गुडघे झाकलेले कपडे सगळ्यांनीच. आत फोटो काढू देत नाहीत, उगाच लपूनछपून मोबाईल काढू नका, वाईट दिसतं. मोठी सॅक हॉटेलवरच ठेवा. चौकात बंदूकधारी पहारा असतो, दचकू नका आणि त्यांचे फोटो काढू नका. शाळेतून येणारी मुलं, टोपीवाले आजोबा, ह्यांचे तर नकोच. शहरातला ज्यू समाज आता चारेकशे-साडेचारशे लोकांचा आहे, त्यातले बहुतेक ह्या चौकात राहत पण नाहीत, त्यामुळे जे दिसतात त्यांच्यावर दिवसभर कॅमेरे रोखलेले असतात.

चौकाच्या एका बाजूला कमानीखाली बांको रोस्सो आहे, लाल पेढी. लाल, हिरवी, काळी अशा तीन पेढ्या होत्या, गरिबांना गहाणावर कर्ज द्यायला. ज्यूंची हौस नव्हती ती, घेट्टोत राहू देण्याची अट होती, आणि व्याज सरकारने ठरवलेलं ५ टक्के, म्हणजे बऱ्याचदा तोट्याचाच धंदा. ते बघायला दहा मिनिटं पुरतात.

जास्त वेळ भिंतीपाशी द्या, जिच्यावर काटेरी तार आहे. खाली अर्बित ब्लातास या शिल्पकाराची, नाझींनी मारलेल्या ज्यूंच्या आठवणीतली ब्राँझची शिल्पं, १९८० ची, आणि जरा पुढे त्याचंच १९९३ चं 'शेवटची ट्रेन'. १७९७ ला नेपोलियनच्या सैन्याच्या काळात घेट्टोची दारं काढून जाळली होती, लोक मोकळे झाले होते, शहरभर पसरले होते. सप्टेंबर १९४३ ला नाझींना इथल्या ज्यू समाजाचे अध्यक्ष ज्युसेप्पे जोना यांच्याकडून ज्यूंची यादी हवी होती. जोना डॉक्टर होते, वय झालेलं. त्यांनी यादी दिली नाही, जीव दिला. त्यानंतर डिसेंबर १९४३ पासून पुढच्या उन्हाळ्यापर्यंत अडीचशेच्या आसपास माणसं उचलून नेली, परत आली ८. ह्याच चौकातल्या वृद्धाश्रमातले म्हातारे पण नेले, आणि त्यांच्याबरोबर रब्बी, म्हणजे ज्यू धर्मगुरू, अदोल्फो ओत्तोलेंगी. वृद्धाश्रमाची इमारत अजून तिथेच आहे. आमच्या गाईड बाई इथे बोलल्याच नाहीत, नुसतं बोट दाखवून बाजूला उभ्या राहिल्या. चांगला गाईड असाच ओळखायचा.

टूर संपली की लगेच पळू नका. दारांच्या चौकटी बघत उलट चाला. आत शिरताना उजव्या हाताला, खांद्याच्या जरा वर, बोटाएवढी उभी खाच दिसली तर तिथे मेझुझा होती, प्रार्थनेचा कागद ठेवलेली छोटी डबी. डबी गेली, रंगाचे थर चढले, खाच राहिली. मला पहिल्या फेरीत एकही दिसली नव्हती, गाईडने एक दाखवल्यावर सात मिळाल्या. खाली पण बघत चला, काही दारांसमोर फरशीत १० सेंटिमीटरचे पितळी चौकोन आहेत, नाव, जन्मसाल, कधी पकडलं, कुठे मारलं.

भूक लागली तर बेकरीत इंपाडे मागा, बदामाचं सारण भरलेलं, नागमोडी आकाराचं, एक खाल्लं तर पुरे होत नाही. अर्धा दिवस हातात असेल तर लीदो बेटावर होडीने जाऊन जुनं ज्यू दफनस्थान बघता येतं, १३८६ पासूनचं, म्हणजे घेट्टोच्या आधीचं, पण आत जायची सोय आधी विचारून ठेवा, मी न विचारता गेले आणि कुंपणातून बघून परत आले. नाहीतर सरळ स्टेशनकडे निघा, पण त्याच बुटक्या बोगद्यातून, बिजागऱ्यांच्या खाचा सकाळी सापडल्या नसतील तर आता सापडतील.